नोंदीबाहेरचा खुर्दा

26 ऑगस्ट 1346, शनिवार. उत्तर फ्रान्समधल्या क्रेसी गावाजवळ दुपार कलल्यावर जुंपलेली लढाई रात्री उशिरा कधीतरी शमली. दुसऱ्या दिवशी इंग्लंडच्या तिसऱ्या एडवर्डने मेलेल्यांची मोजदाद करायला माणसं धाडली. सोबत तीन हेरल्ड आणि दोन कारकून दिले. हेरल्डचं काम ढालीवरची आणि अंगरख्यावरची चिन्हं ओळखायचं, हा सिंह कुणाचा, ती फुलं कुठल्या घराण्याची. कारकुनांनी नावं टिपून घ्यायची. दिवसभर ही मंडळी मैदानात प्रेतं उलथीपालथी करत फिरली आणि संध्याकाळी राजापुढे हिशेब ठेवला. 80 निशाणं, 11 राजेरजवाडे, 1200 नाइट. आणि बाकीचे सुमारे 30,000.

शेवटचा आकडा फुगवलेला आहे, यात शंका नाही. त्या काळात कुणीही पायदळाची संख्या अशीच तोंडाला येईल ती सांगायचा. पण माझी नजर त्या ‘सुमारे’वर अडली. 11 आणि 1200 मोजलेले, 30,000 अंदाजे. ज्याच्या ढालीवर चिन्ह नाही त्याला ओळखायचं कसं, आणि ओळखून करायचं तरी काय?

मराठी माणसाला इथे पानिपत आठवणारच. 1761 च्या जानेवारीतल्या त्या सत्यानाशाची बातमी नानासाहेब पेशव्यांपर्यंत सांकेतिक भाषेत पोहोचली, असं आपण ऐकत आलो आहोत. दोन मोत्ये गळाली, सत्तावीस मोहरा हरवल्या, रुपये खुर्दा किती गेला याची गणती नाही. माझे आजोबा हे वाक्य म्हणायचे तेव्हा ‘मोत्ये’ शब्दावर त्यांचा आवाज जड व्हायचा. मोत्ये म्हणजे विश्वासराव आणि सदाशिवरावभाऊ, मोहरा म्हणजे नामांकित सरदार, हे ते समजावून सांगत. खुर्दा म्हणजे कोण, ते त्यांनी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही. क्रेसीची यादी मी लोकलमध्ये उभ्याने, मोबाइलवर उघडलेल्या एका जुन्या इंग्रजी भाषांतरात वाचली, आणि तो राहून गेलेला प्रश्न डोक्यात आला तो तिथेच बसला.

क्रेसीची हकीगत आपल्यापर्यंत आणणाऱ्यांतला सर्वांत गाजलेला माणूस म्हणजे झाँ फ्रुआसार. लढाई झाली तेव्हा तो जेमतेम नऊ-दहा वर्षांचा असेल. आजच्या फ्रान्स-बेल्जियम सीमेवरच्या एनो परगण्यातल्या वालाँसिएनचा हा पोरगा. 1361 मध्ये इंग्लंडला गेला, तिथली राणी फिलिपा त्याच्याच मुलखातली होती, तिने त्याला आश्रय दिला. पुढे राणी वारली, मग एका ड्यूकचा आश्रय, मग एका काउंटचा, मधे धर्मगुरूची चाकरी. हातात लेखणी आणि डोक्यावर कुणाचं तरी छत्र, हाच त्याचा जन्मभराचा संसार. त्यातून इंग्लंड आणि फ्रान्समधल्या, आज शतवार्षिक युद्ध म्हणून ओळखल्या जाणाऱ्या, झगड्याची चार खंडांची बखर उभी राहिली. सुरुवातीच्या वर्षांचा मजकूर त्याने लिएजच्या झाँ ल बेल नावाच्या धर्मगुरूच्या बखरीवरून घेतला, कित्येकदा जसाच्या तसा. त्याची त्याला लाज नव्हती, तो ते सांगूनच घेतो.

प्रस्तावनेतच त्याचा हेतू स्वच्छ आहे. थोर पराक्रम, मानाच्या मोहिमा, शस्त्रांचे सोहळे विसरले जाऊ नयेत, वाचून तरुणांना स्फुरण चढावं. म्हणजे हा हिशेब मोत्यांचा आणि मोहरांचा. हे मान्य करूनच पुढे वाचायचं. मला मात्र हा लेखक आवडतो तो त्याच्या हेतूसाठी नव्हे. त्याचा कान फार तिखट होता, आणि तिखट कानाच्या माणसाला हेतू सांभाळणं जड जातं.

मोत्यांची गोष्ट सांगावी तर त्यानेच. बोहेमियाचा राजा जॉन क्रेसीला फ्रेंचांच्या बाजूने आला होता, पूर्ण आंधळा. लढाई बिघडली आहे हे कळल्यावर त्याने आपल्या माणसांना विनवलं, मला इतकं पुढे न्या की तलवारीचा एक तरी वार करता येईल. गर्दीत त्याची चुकामूक होऊ नये म्हणून त्यांनी आपापल्या घोड्यांचे लगाम एकमेकांना बांधले, राजाला मधे घेतलं आणि शत्रूत घुसले. दुसऱ्या दिवशी सगळे मेलेले सापडले, राजाभोवती, घोडे अजून एकमेकांना बांधलेले. वाचताना घशाशी आवंढा येतो. मग थोड्या वेळाने वाटतं, लगाम बांधणाऱ्यांना कुणी विचारलं होतं का? आंधळ्या राजाला एक वार हवा होता, त्याची किंमत अख्ख्या टोळक्याने मोजली. फ्रुआसारला हा प्रश्न पडत नाही. धन्याबरोबर मरणं हा त्यांचा मान, विषय संपला.

त्याच लढाईत फ्रेंचांकडून भाड्याने आणलेले जिनोआचे तिरंदाज होते. दिवसभर चिलखत आणि जड क्रॉसबो वाहत चालून दमलेले. आम्ही आज लढायच्या अवस्थेत नाही, असं ते सांगत होते. वर पाऊस कोसळून गेला, नंतर ऊन निघालं ते नेमकं फ्रेंचांच्या डोळ्यांवर. इंग्रजांचे बाण बर्फ पडावा तसे आले आणि जिनोआवाले मागे फिरले. तेव्हा फ्रेंच राजा ओरडला, मारा या हलकटांना, उगाच वाट अडवून बसलेत. आणि फ्रेंच स्वार आपल्याच भाडोत्री माणसांना तुडवत पुढे गेले. इंग्रजांच्या बाजूला वेल्स आणि कॉर्नवॉलकडचे सुरेवाले पायदळी होते. ते घोड्यावरून पडलेल्यांच्या अंगावर बसून गळे चिरत सुटले, काउंट असो की बॅरन. एडवर्डला नंतर याचं वाईट वाटलं. त्या लोकांना धरून खंडणी घेता आली असती.

खंडणी हा शब्द आला की शिव्हलरीचं, म्हणजे या नाइट मंडळींच्या क्षात्रधर्माचं, अर्धं कोडं सुटतं. पडलेल्या शत्रूला जीवदान देणं हे मोठ्या मनाचं काम खरंच, पण त्या मनाला भाव होता. 1356 मध्ये प्वातिएला फ्रान्सचा राजा दुसरा जाँ स्वतःच इंग्रजांच्या हाती लागला. त्याला पकडणाऱ्यांची आपसात इतकी ओढाताण झाली की बिचारा म्हणाला, मी एवढा मोठा आहे की तुम्हा सगळ्यांना श्रीमंत करीन, भांडू नका. रात्री इंग्लंडच्या युवराजाने, ज्याला पुढे ब्लॅक प्रिन्स म्हणू लागले, त्याला मेजवानी दिली आणि स्वतः उभं राहून वाढलं. तुमच्या पंक्तीला बसण्याची माझी योग्यता नाही, म्हणाला. 1360 च्या तहात या पाहुण्याची किंमत ठरली तीस लाख सोन्याचे एकू. त्या दिवशी इतके कैदी सापडले होते की पकडणाऱ्यांपेक्षा पकडलेले जास्त. मग कित्येकांना शब्दावर सोडून दिलं, नाताळाच्या आत बोर्दोला येऊन पैसे भरा. आणि त्यांनी भरले. याला हसावं की नमस्कार करावा, मला अजून ठरवता आलेलं नाही.

खंडणी देऊ शकणाऱ्याच्या जिवाला कायदा होता. न देऊ शकणाऱ्याच्या जिवाला काय होतं ते लिमोजला दिसतं.

1370. लिमोज शहराने इंग्रजांची बाजू सोडून फ्रेंचांना दारं उघडली. ब्लॅक प्रिन्स तेव्हा आजारी होता, घोड्यावर बसता येत नव्हतं, त्याला वाहून न्यावं लागे. तटाखाली सुरुंग लावून त्याने भिंत पाडली आणि सैन्य आत घुसलं. इथे फ्रुआसारची लेखणी, जी एरवी रक्ताच्या थारोळ्यातही रेशमी झेंडे बघते, अचानक थबकते. बायका, पुरुष, मुलं राजपुत्रापुढे गुडघे टेकून दयेची भीक मागत होते आणि तो ऐकायला तयार नव्हता, असं तो लिहितो. ज्यांचा फितुरीत काडीचा हात नव्हता त्या गरिबांवर दया का केली नाही, हे मला कळत नाही, अशा अर्थाचं वाक्य तो टाकतो. तीन हजारांवर माणसं कापली गेली म्हणतो. आजचे अभ्यासक हा आकडा बराच खाली, तीनशेच्या आसपास आणतात. म्हणजे एकदा तरी खुर्द्याची मोजणी झाली आणि तीही फुगवून. बखरकाराने आपल्या नायकाच्या नावावर पाप कमी करून नव्हे, वाढवून मांडलं, याचं मला अप्रूप वाटतं.

पण लगेच पुढचं बघा. त्याच गल्ल्यांत तीन फ्रेंच नाइट एका भिंतीला पाठ लावून उभे राहिले. समोर राजपुत्राचे दोन भाऊ आणि पेम्ब्रोकचा अर्ल. तिघांना तिघे अशी झुंज लागली, आणि इतर सगळे हात थांबवून बघत राहिले. राजपुत्राची गाडी तिथे आली, तोही बघत राहिला. बघता बघता त्याचा राग निवळला. फ्रेंचांनी तलवारी पुढे करून शरणागती पत्करली आणि ती मान्य झाली. गुडघे टेकलेल्या पोराबाळांनी जो राग निवळला नाही तो तिघांच्या तलवारबाजीने निवळला! फ्रुआसार यावर काही भाष्य करत नाही. दोन परिच्छेद एकाखाली एक ठेवतो आणि पुढच्या मोहिमेकडे वळतो. त्याला त्यातली विसंगती दिसली होती की नाही, यावर मी बराच काळ घोटाळलो. आता वाटतं, दिसली नसावी. दिसली असती तर त्याने ती झाकली असती.

त्याचा कान ज्या प्रवासात सर्वांत चांगला लागलेला दिसतो तो 1388 चा. युद्धाच्या दक्षिणेकडच्या हकीगती हव्या होत्या, म्हणून पन्नाशीतला हा माणूस पिरेनीजच्या पायथ्याशी ऑर्तेझला गेला, फ्वाचा काउंट गास्तों फेबुस याच्या दरबारी. भेट म्हणून चार शिकारी कुत्रे नेले होते, त्यांची नावं ट्रिस्टन, हेक्टर, ब्रून आणि रोलाँ. कुत्र्यांनासुद्धा नावं वीरकथांतलीच! वाटेत एस्पाँ द लिओं नावाचा एक नाइट सोबतीला मिळाला. घाटातून जाताना एसटीतला शेजारी समोर दिसणाऱ्या प्रत्येक किल्ल्याची गोष्ट सांगतो, तसा हा एस्पाँ प्रत्येक बुरुजापाशी सुरू व्हायचा. इथे कोण पडलं, तिथे कुणी दगा दिला. फ्रुआसार घोड्यावरून उकरून उकरून विचारत राहायचा आणि मुक्कामाला उतरला की लिहून काढायचा, कारण ताजं असेल तेव्हा उतरवलं नाही तर हकीगत शिळी होते, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. एका विषयावर मात्र एस्पाँ गप्प राहिला. काउंटचा एकुलता एक औरस मुलगा कसा मेला? ते फार वाईट आहे, म्हणाला, दुसरं कुणी सांगेल.

ऑर्तेझला एका म्हाताऱ्याने ते सांगितलं. पोराजवळ विषाची पुडी सापडली, मामाने दिलेली, बापाला घालायला. बापाने त्याला कोंडलं, पोराने अन्न सोडलं. बाप रागाने कोठडीत गेला, हातात नखं कोरायची छोटी सुरी, पातं बोटांत लपलेलं, टोक तेवढं बाहेर. ‘जेवत का नाहीस’ म्हणत त्याने मुलाच्या गळ्याला हात लावला आणि ते टोक शिरेला लागलं. इतकं सगळं लिहून झाल्यावरही फ्रुआसारच्या लेखी हा काउंट जगातला आदर्श नाइटच राहतो. काउंट मध्यरात्री जेवायचा, पुढे बारा मशाली, आणि जेवणानंतर फ्रुआसार त्याला आपलं लांबलचक प्रेमकाव्य रोज थोडं थोडं वाचून दाखवायचा. तो वाचत असताना कुणी ब्र काढायचा नाही. अशा यजमानाबद्दल वाईट लिहवेल कुणाला? निघताना काउंटने ऐंशी फ्लोरिन दिले. ते आव्हिन्योंला चोरीला गेले, त्यावरही पठ्ठ्याने कविता केली.

दरबारापेक्षा मला ऑर्तेझची खानावळ जास्त आवडते. तिच्या पाटीवर चंद्र होता. नाताळाच्या सुमारास तिथे पंचावन्न वर्षांचा एक गॅस्कन, म्हणजे नैर्ऋत्य फ्रान्समधल्या गास्कनीचा माणूस, उतरला, बास्को द मोलेआँ. एवढ्या लवाजम्याने की एखादा मोठा बॅरन वाटावा. तो आणि त्याची माणसं चांदीच्या ताटांत जेवत होती. शेकोटीपाशी गप्पा सुरू झाल्या आणि बास्कोने आपलं सगळं आयुष्य ओतलं. प्वातिएला पहिल्यांदा हत्यार धरलं, पहिल्याच दिवशी तिघांना पकडलं, एक नाइट आणि दोन त्याच्या हाताखालच्या दर्जाचे स्क्वायर, तीन हजार फ्रँक मिळाले. मग 1358 मध्ये मो शहरात शेतकऱ्यांचं बंड मोडायला हात दिला. मग तह झाला, सैन्याची रजा झाली, आणि रजा झालेल्या शिपायांना करायला दुसरं काही येत नव्हतं, म्हणून टोळ्या बांधून ते देश लुटत फिरले. किल्ला घ्यायचा, आजूबाजूच्या गावांकडून वसुली करायची, योग्य भाव आला की किल्ला विकायचा.

त्याची एक गोष्ट तर आपल्याकडच्या बखरीतही शोभली असती. थ्युरी नावाचा किल्ला. बाहेर एक झरा होता, गावातल्या बाया सकाळी घडे घेऊन पाण्याला यायच्या. बास्कोने आपली माणसं जवळपास दडवली आणि स्वतः सहा साथीदारांसह लुगडी नेसावीत तसे बायकांचे कपडे घातले, डोक्याला फडकी बांधली, घडे भरले आणि बायकी आवाजात बोलत दारातून आत गेला. मग शिंग फुंकलं. या एका किल्ल्याने आपल्याला एक लाख फ्रँक मिळवून दिले, असं तो अभिमानाने सांगतो. त्या खऱ्या पाणक्या बाया त्या दिवशी कुठे गेल्या आणि पुढच्या वर्षांत त्यांच्या गावाने काय भरलं, ते गोष्टीत नाही. एक लाखाच्या आकड्यात ते सगळं आलंच म्हणा.

बास्को काही नाइट नव्हता. तो स्वतःच्या नावामागे बिरुदं लावत नाही, धर्म-मान-कीर्ती बोलत नाही. सरळ भाव सांगतो. आणि फ्रुआसार, ज्याने थोर पराक्रमांची बखर लिहायला घेतली होती, तो हे सगळं जसंच्या तसं, बोलणाऱ्याच्या लयीत उतरवून घेतो. माझ्या मते संपूर्ण ग्रंथातली ही सर्वांत खरी पानं. बाकी ठिकाणी युद्ध झेंड्यांत दिसतं, इथे ते चोपडीत दिसतं.

असंच एकदा त्याच्या कानाने त्याला फसवलं. 1381 मध्ये इंग्लंडमधले शेतकरी उठले. फ्रुआसारला त्यांचा मनस्वी तिटकारा. त्यांचा पुढारी जॉन बॉल त्याच्या लेखी केंटमधला एक माथेफिरू पाद्री. पण या माथेफिरूने लोकांना काय शिकवलं हे सांगायला तर हवं, म्हणून त्याने बॉलचं प्रवचन दिलं. रविवारी प्रार्थना सुटली की लोकांना गोळा करून तो म्हणायचा: आपण सगळे एकाच आईबापांची, आदम आणि हव्वाची लेकरं, मग ते आमचे धनी कसे? ते मखमल आणि फर घालतात, आम्ही जाडंभरडं. त्यांना दारू, मसाले, पांढरी भाकरी, आम्हाला राय नावाचं हलकं धान्य आणि कोंडा आणि प्यायला पाणी. त्यांना वाडे, आम्हाला शेतातला वारापाऊस, आणि त्यांचा सगळा थाट आमच्या कष्टांवर. आज हे उतारे वाचणाऱ्या बहुतेकांना बॉलचंच पटतं. धन्यांची बाजू घेणाऱ्याने त्यांच्याविरुद्धचं इतकं नेटकं भाषण स्वतःच्या खर्चाने जपून ठेवलं. बॉल फासावर गेला, त्याचे तुकडे करून शहरोशहरी पाठवले, पण फ्रुआसारच्या ग्रंथाच्या शंभराहून अधिक हस्तलिखित प्रती आजही आहेत. त्यातल्या कित्येक प्रतींवर सोन्याचा मुलामा आहे, कारण त्या धन्यांनीच करून घेतल्या.

बास्कोसारखाच आणखी एक होता, मेरिगो मार्शेस. ओव्हेर्न्यच्या डोंगरांत किल्ला राखून बसलेला लुटारू सरदार. पैसे घेऊन त्याने किल्ला सोडला आणि मग पस्तावला. फ्रुआसारने त्याच्या तोंडी जो विलाप घातलाय तो मी पुन्हा पुन्हा वाचतो. काय मजा होती ती, म्हणतो तो. सकाळी घोड्यावर निघावं आणि वाटेत गाठावा एखादा श्रीमंत मठाधिपती, नाहीतर व्यापारी, नाहीतर माँपेलिए, नार्बोन, तुलूझकडून येणारा खेचरांचा तांडा. ब्रसेल्सचं कापड, ब्रूजहून येणारे मसाले, दमास्कस-अलेक्झांड्रियाचं रेशीम. सगळं आपलं. शेतकरी स्वतः किल्ल्यावर आणून द्यायचे गहू, पीठ, भाजलेल्या रोट्या, घोड्यांना ओट, चांगली दारू, बैल, लठ्ठ मेंढ्या, कोंबड्या. राजासारखे राहत होतो.

पुढे त्याच्याच एका नातलगाने त्याला पकडून दिलं. पॅरिसच्या शात्ले न्यायालयाच्या दफ्तरात त्याच्या खटल्याची नोंद आहे, आणि तिथे शेकोटी नाही, चांदीची ताटं नाहीत. त्याचा बचाव साधा होता: मी इंग्लंडच्या राजाच्या बाजूने लढत होतो. माणसं पकडली, खंडणी घेतली, मुलूख लुटला, जाळला, पण रीतसर युद्धात माणूस जे करू शकतो आणि जे त्याने करावं तेच मी केलं. न्यायाधीशांनी मानलं नाही. 1389 च्या तहानंतरही तो लुटत राहिला होता, आणि फ्रेंच राजाची रयत असून फ्रेंचांनाच लुटत होता. 1391 मध्ये त्याचं डोकं उडवलं आणि धडाचे चार तुकडे करून वेशींवर टांगले. तहाच्या आधी हेच काम त्याच पद्धतीने करणाऱ्या कितीतरी मोठ्या लोकांना फ्रुआसारच्या बखरीत मानाची जागा आहे, आणि त्यांच्यासाठी ओळख पटवायला हेरल्डही आहेत.